नावे कोणाची, नौका कोणाच्या?

युद्धनौकेच्या जलावतरणाचा समारंभ मोठा देखणा असतो. नारळ फुटतो, मंत्रपठण होते, बँड वाजतो, मंत्रिमहोदयांचे भाषण होते आणि पोलादाच्या त्या प्रचंड सांगाड्याला एखाद्या शहराचे, नदीचे, पर्वताचे वा शस्त्राचे नाव दिले जाते. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रांत क्षेपणास्त्रांचा पल्ला छापून येतो आणि नावाविषयी गौरवाची दोन वाक्ये. ते नाव का निवडले आणि कोणती नावे निवडली गेली नाहीत, हे कोणी विचारीत नाही. ते विचारले पाहिजे. राज्यसंस्था आपल्या शस्त्रांना ज्यांची नावे देते, त्यांवरून तिला कोणाचे ऋण मान्य आहे आणि कोणाचे नाही, हे उघड होते.

नावाचा हा उपयोग ब्रिटिश राज्यकर्ते पुरेपूर जाणत होते. त्यांच्या 'रॉयल इंडियन नेव्ही'त 'पंजाब' होती, 'बॉम्बे' होती, 'नर्मदा', 'गोदावरी' आणि 'जमना' होत्या. 'हिंदुस्थान' नावाचीही एक नौका होती. १९४५ साली लोणावळ्याच्या नाविक प्रशिक्षण केंद्राला याच सरकारने 'शिवाजी' हे नाव दिले. स्वराज्य मागणाऱ्यांना तुरुंगात टाकणारे सरकार स्वराज्याच्या संस्थापकाचे नाव आपल्या केंद्राच्या दारावर रंगवीत होते! फाळणीत जहाजांची वाटणी झाली तेव्हा 'नर्मदा' पाकिस्तानकडे जाऊन 'झेलम' झाली, 'गोदावरी'ची 'सिंध' झाली आणि 'हिंदुस्थान'ची 'कारसाज'. नाव बदलण्यास एक डबा रंग पुरतो. त्या नावामागच्या माणसांचे काय करायचे, हा प्रश्न मात्र रंगाने मिटत नाही.

स्वतंत्र भारतातही तो मिटलेला नाही. २६ डिसेंबर २०२३ रोजी मुंबईत 'इम्फाळ' ही विनाशिका नौदलात दाखल झाली. ईशान्य भारतातील शहराचे नाव लाभलेली ही पहिलीच युद्धनौका, असा तिचा गौरव झाला. त्याच वर्षीच्या ३ मेपासून मणिपूर पेटले होते. दोनशेहून अधिक माणसे या हिंसाचारात मारली गेली आणि हजारो कुटुंबे निर्वासितांच्या छावण्यांत जाऊन पडली. इम्फाळ शहराला ज्या वर्षी राज्यसंस्थेकडून संरक्षण हवे होते, त्या वर्षी त्याच्या वाट्याला आले ते मुंबईच्या गोदीतील नाव. मणिपूरच्या बलिदानाचा सन्मान म्हणून हे नाव निवडल्याचे सांगण्यात आले. सन्मान योग्यच, पण ज्यांचा सन्मान करायचा त्यांची घरे जळत असता तो कोणाच्या कानी पडणार होता?

कारवारची कथा याहून जुनी. १९८६ साली तेथे 'सीबर्ड' या नाविक तळाची कोनशिला बसली. अरगा, बिणगा, चेंडिया आदी किनाऱ्यावरील गावांतील चार हजारांहून अधिक शेतकरी व मच्छीमार कुटुंबे त्यासाठी उठविली गेली. वाढीव भरपाईसाठी त्यांना वर्षानुवर्षे न्यायालयाच्या पायऱ्या झिजवाव्या लागल्या. २००५ साली तळ कार्यान्वित झाला, तेव्हा त्याचे नाव पडले 'कदंब'. बनवासीच्या कदंब राजवंशाचे नाव इतिहासात कायम राहावे, याविषयी कोणाचे दुमत नाही. परंतु ज्यांची जमीन आणि ज्यांचा किनारा त्या तळाखाली गेला, त्यांच्या एखाद्या गावाचे नाव त्या दारावर शोभले नसते काय? राजवंशाला दिलेले नाव निर्धोक असते. तो वंश भरपाई मागायला येत नाही.

आता नौदलाच्या स्वतःच्या माणसांकडे वळू. १८ फेब्रुवारी १९४६ रोजी मुंबईच्या 'तलवार' या संदेशवहन प्रशिक्षण केंद्रातील नाविकांनी संप पुकारला. निकृष्ट अन्न, गोऱ्यांच्या तुलनेत तुटपुंजा पगार आणि अधिकाऱ्यांची वंशद्वेषी शिवीगाळ ही तात्कालिक कारणे होती. त्यापूर्वीच बी. सी. दत्त या तारायंत्री नाविकाला केंद्रात स्वातंत्र्याच्या घोषणा रंगविल्याबद्दल अटक झाली होती. पाहता पाहता ७८ जहाजे, २० किनारी केंद्रे आणि सुमारे २० हजार नाविक उठावात उतरले. संप समितीचे अध्यक्ष एम. एस. खान, उपाध्यक्ष मदन सिंग. डोलकाठ्यांवर काँग्रेसचा, मुस्लिम लीगचा आणि लाल असे तीन झेंडे एकत्र फडकले. कराचीत 'हिंदुस्थान'वरील नाविकांनी ब्रिटिश फौजांशी तोफांनी झुंज दिली. त्या जहाजाच्या नावाला अर्थ आला तो त्या दिवशी!

मुंबईकर अन्नाची पुडकी घेऊन गेटवेपाशी धावले. २२ फेब्रुवारीला गिरण्या बंद पडल्या, कामगार रस्त्यावर आला आणि परळपासून फोर्टपर्यंत गोळीबार झाला. परळ महिला संघाच्या कमल दोंदे त्यात बळी पडल्या. शहरात दोनशेहून अधिक माणसे मेली. अरुणा असफअली नाविकांच्या पाठीशी उभ्या राहिल्या. काँग्रेस आणि लीगच्या श्रेष्ठींनी मात्र शरणागतीचा सल्ला दिला; सूडबुद्धीने कारवाई होणार नाही, असा भरवसा नाविकांना मिळाला. २३ फेब्रुवारीला शस्त्रे खाली ठेवली गेली. भरवसा पाळला गेला नाही. शेकडो नाविक बडतर्फ झाले, आणि स्वातंत्र्यानंतर ना भारताने त्यांना नौदलात परत घेतले, ना पाकिस्तानने.

या नाविकांचे ऋण स्वतंत्र भारताच्या नौदलाने कसे फेडले? पुढे स्वातंत्र्यसैनिकांच्या निवृत्तिवेतनासाठी हा उठाव ग्राह्य धरला गेला, मुंबईत कुलाब्याला स्मारक उभे राहिले आणि २०२२च्या प्रजासत्ताकदिनी नौदलाच्या चित्ररथावर हा उठाव दिसला. नावांपुरते बोलायचे, तर अर्धशतक उलटल्यावर मदन सिंग आणि बी. सी. दत्त यांची नावे दिली गेली ती दोन टगना. म्हणजे बंदरात मोठ्या जहाजांना ओढून, ढकलून धक्क्याला लावणाऱ्या बोटींना. टग ही हीन वस्तू नव्हे. तिच्यावाचून विमानवाहू नौकाही धक्क्याला लागत नाही. बंदरातील ती श्रमिकच आहे. पण विनाशिकेवर शहर, फ्रिगेटवर शस्त्र आणि नदी, नि ज्यांनी साम्राज्याचे नाविक बळ हादरविले त्यांची नावे टगवर, ही उतरंड काही सांगून जाते.

यावर ठरलेला आक्षेप येतो. शिस्त हा नौदलाचा प्राण आहे. बंडखोरांचा गौरव केल्यास उद्या शिस्त कशी राहील? आक्षेप वरवर भारदस्त आहे, परंतु तो उशिरा आला आहे. टगला नाव देऊन आणि चित्ररथ काढून नौदलाने तत्त्व केव्हाच मान्य केले आहे; आता वाद उरला तो केवळ जहाजाच्या आकाराचा. शिवाय १९४६च्या नाविकांनी मोडली ती परकीय राजाशी असलेली निष्ठा. ती मोडणे गुन्हा असेल, तर सारा स्वातंत्र्यलढाच आरोपीच्या पिंजऱ्यात उभा करावा लागेल. आणि हे अशक्यही नाही. १९४२ साली आसामातील गोहपूर येथे तिरंगा घेऊन निघालेली कनकलता बरुआ ही १७ वर्षांची मुलगी पोलिसांच्या गोळीला बळी पडली; तिचे नाव २०२० सालापासून तटरक्षक दलाच्या एका गस्ती नौकेवर आहे. तटरक्षक दलाला जे सुचते, ते नौदलाला का सुचू नये?

झारशाहीला नावांचे सामर्थ्य ठाऊक होते. 'पोटेमकिन' हे सम्राज्ञी कॅथरिनच्या मर्जीतील एका सरदाराचे नाव. १९०५ साली त्या युद्धनौकेवर खलाशांनी बंड केले आणि ते दरबारी नाव क्रांतीचे झाले. जहाज परत हाती येताच झारने ते नावच पुसून तेथे 'पँतेलेइमोन' या संताचे नाव घातले. जगाने संताचे नाव विसरून 'पोटेमकिन' लक्षात ठेवले. नाव राज्यकर्ते देतात. त्यात अर्थ भरतात ते डेकवरचे खलाशी.

फेब्रुवारी २०२६ मध्ये नाविकांच्या उठावाला ८० वर्षे होतात. पुढील आघाडीच्या युद्धनौकेला या उठावाचे वा त्यातील नाविकांचे नाव द्यावे, ही मागणी कार्यकर्त्यांनी गोदीच्या दारापासून संसदेपर्यंत नेली पाहिजे. मात्र ती तेवढ्यावर थांबता कामा नये. इम्फाळला शांतता आणि कारवारच्या विस्थापितांना न्याय मिळेपर्यंत जहाजांवरील नावे हे थकलेल्या कर्जाचे कागद आहेत. ते कर्ज वसूल करणे हे लोकांचे काम आहे.