निकाल लागला, अंमल कधी?

आटगाव स्थानकावर पहाटेची लोकल धरून मुंबईच्या उच्च न्यायालयात पोहोचायचे, तर सुमारे 95 किलोमीटरचा प्रवास आणि एका दिवसाची रजा वा रोजंदारी खर्ची पडते. शहापूर-मुरबाड पट्ट्यातील एखाद्या सरकारी कर्मचाऱ्याने अशा खेपा घालून निकाल मिळवला, तरी त्याची खरी परीक्षा तेथूनच सुरू होते. कारण निकाल अमलात आणायचा असतो तो हरलेल्या पक्षाने, म्हणजे खुद्द शासनाने!

न्यायालयाच्या अवमानाचा कायदा चपळाईने वापरता येतो, हे शासकीय संस्थांना ठाऊक नाही असे मुळीच नाही. ऑक्टोबर 2021च्या अखेरीस एस.टी. कर्मचाऱ्यांचा संप सुरू झाला आणि शहापूर, मुरबाड आगारांसह राज्यभर गाड्या थांबल्या. न्यायालयाने मनाई करूनही संप चालू राहिला म्हणून महामंडळाने नोव्हेंबरमध्येच अवमान याचिका दाखल केली. एप्रिल 2022मध्ये याच प्रकरणात उच्च न्यायालयाने 22 एप्रिलपर्यंत कामावर रुजू होण्याची मुदत दिली. संपात खेड्यापाड्यांतील विद्यार्थ्यांचे आणि रुग्णांचे अतोनात हाल झाले होते. महामंडळाने न्यायालयाचे दार ठोठावले यात गैर काहीच नव्हते. पण आदेश मालकाविरुद्ध असतो तेव्हा ही तत्परता कोठे जाते?

जम्मू-काश्मीरमधील रोजंदारी कामगारांचे उदाहरण बोलके आहे. त्यांच्या मागणीचा विचार करावा, असा उच्च न्यायालयाचा आदेश मे 2007चा. तो धाब्यावर बसवला गेल्याचे सर्वोच्च न्यायालयाने मार्च 2025मध्ये कडक शब्दांत नोंदवले, 25 हजार रुपयांचा दंड ठोठावला आणि प्रलंबित अवमान प्रकरण दर आठवड्याला ऐकण्यास सांगितले. मधल्या काळात जवळजवळ अठरा वर्षे गेली होती. एका कामगाराच्या उमेदीचा सारा काळ.

हे घडते कसे? आदेशात बहुधा ‘विचार करावा’ एवढेच म्हटलेले असते. मग अधिकारी ‘विचार करून’ मागणी फेटाळतो. हा नवा निर्णय बरोबर की चूक, हे अवमानाच्या कार्यवाहीत तपासता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 1996मध्येच सांगितले आहे. म्हणजे पुन्हा नवी याचिका! शिवाय 1971च्या कायद्याच्या कलम 20नुसार अवमान घडल्यापासून वर्षभरातच कार्यवाही सुरू व्हावी लागते. त्याच कायद्यातील दंडाची कमाल मर्यादा आहे दोन हजार रुपये. सहा महिन्यांच्या साध्या कैदेचीही तरतूद आहे, पण माफीनाम्याची पळवाट सहसा आधीच शोधली जाते.

माफी नेहमीच चालते असेही नाही. मे 2006मध्ये महाराष्ट्राचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना सर्वोच्च न्यायालयाने एका महिन्याची कैद सुनावली. न्यायालयाची मनाई असतानाही आरागिरण्यांना परवानगी दिली, हा ठपका होता. मंत्रीही गजाआड जाऊ शकतो, हे तेव्हा राज्याने पाहिले. राघोबादादांना दोषी ठरवणारे रामशास्त्री प्रभुणे निकालाचा अंमल होत नाही हे पाहून पुणे सोडून गेले. आजच्या न्यायाधीशाला ती वेळ येऊ नये, यासाठीच तर हा अधिकार आहे.

अधिकाऱ्यांना ऊठसूट न्यायालयात उभे करू नये, हे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी 2024मध्ये बजावले, ते योग्यच. परंतु मग प्रत्येक खात्याने निकाल येताच तो कोणी आणि कोणत्या तारखेपर्यंत अमलात आणायचा, हे नावानिशी ठरवले पाहिजे. दिरंगाईचा खर्चही करदात्याच्या नव्हे, तर त्याच अधिकाऱ्याच्या खिशातून गेला पाहिजे.

तोवर निकाल हाती आलेल्या कर्मचाऱ्याने त्याची प्रमाणित प्रत कार्यालयात देऊन पोच घ्यावी, मुदतीची तारीख दिनदर्शिकेवर लिहून ठेवावी आणि ‘साहेब बघतो म्हणाले’ यावर विसंबून वर्ष उलटू न देता वकिलाची गाठ घ्यावी.