कावळ्याचे घरटे आणि कायदा

वैशाख लागला की बागेतल्या कावळ्यांविरुद्ध कागाळ्या सुरू होतात. फाटकाबाहेर पाऊल टाकताच डोक्यावर चोच बसते आणि मग बांबूने घरटे पाडण्याचा ठराव सोसायटीत एकमताने संमत होतो. (पितृपक्षात हीच मंडळी गच्चीवर पान ठेवून त्याच कावळ्याची आर्जवे करतात, ती गोष्ट निराळी!) ठराव करणाऱ्यांनी आधी कायदा पाहावा. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने कावळ्यास उंदीर-वटवाघळांच्या पंक्तीत, उपद्रवी प्राण्यांच्या परिशिष्टात बसविले होते. २०२२ च्या दुरुस्तीने ते परिशिष्टच रद्द झाले. १ एप्रिल २०२३ पासून ती अमलात आहे. आता एखाद्या प्राण्यास उपद्रवी ठरवावयाचे तर केंद्र सरकारची अधिसूचना लागते. शिवाय वन्य पक्ष्याची अंडी फोडणे वा घरटे विस्कटणे यालाही हा कायदा शिकारच म्हणतो.

मग चोची सोसावयाच्या काय? पिले अंड्यातून निघाल्यापासून उडेपर्यंतचा, तीन-चार आठवड्यांचा हा प्रश्न. तेवढे दिवस छत्री उघडावी, झाडाखालची वाट टाळावी. फांद्या छाटावयाच्या तर विणीच्या हंगामापूर्वी, आणि शहरात १९७५ च्या वृक्षसंरक्षण कायद्यान्वये परवानगी घेऊन. रोपांवरची जाळी ताणून बांधावी. सैल जाळीत पक्षी गुंतून मरतात. परंतु कावळ्यांना खरे आमंत्रण असते ते उघड्या कचरापेटीचे. तिला झाकण बसविण्याचा विषय सभेपुढे ठेवावयास कोणाचीही परवानगी लागत नाही.