नाव घालून द्या!

सुतार लाकडाला आकार देतो, कुंभार मातीला देतो, आणि सोनार तर गुंजभर सोन्याचेही सोने करून दाखवतो. परंतु हातून निसटून चाललेली घटका पकडून ती एखाद्या टिकाऊ वस्तूत पक्की बसवून देईल, असा कारागीर कोठे मिळेल काय? ‘‘आमच्या मुलीच्या लग्नाची ही वेळ जरा कायमची करून द्या हो,’’ असे सांगावे आणि त्यानेही ‘‘बसा, अर्ध्या तासात देतो,’’ म्हणावे, असा कोणी क्षणकार आपल्या बारा बलुतेदारांत नव्हता. कविमंडळींनी ते काम अंगावर घेतले खरे. पण त्यांचा माल फळीवर मांडता येत नाही आणि त्यात पाणीही भरता येत नाही.

वाचकहो, असा कारागीर आहे, आणि आपण सर्वांनी त्याला पाहिलेले आहे. भांड्यांच्या दुकानाच्या एका कोपऱ्यात तो मान खाली घालून बसलेला असतो. ‘नाव घालणारा’ एवढीच त्याची ओळख. जन्मभर दुसऱ्यांची नावे घालतो. त्याचे स्वतःचे नाव मात्र कोणत्याही भांड्यावर सापडत नाही.

त्याची हत्यारे म्हणजे एक टोकदार छिन्नी आणि एक लहानशी हातोडी. भांडे मांडीवर तिरके धरायचे, काठाखालची जागा बोटाने पुसून घ्यायची आणि टक्-टक् करीत ठिपक्याला ठिपका जोडीत अक्षर उभे करायचे. ठोका जोरात बसला तर पत्र्याला पोचा पडतो, हलका बसला तर अक्षर दहा दिवाळ्यांच्या चिंचेने आणि राखेने पुसून जाते. येथे खोडरबर नाही. एकदा पडलेली वेलांटी ऱ्हस्व असो की दीर्घ, ती त्या घराण्यात कायम! आता विजेवर चालणारी लेखणी आली आहे. ती गुर्रकन फिरते आणि पाच मिनिटांत अर्धा डझन वाट्या मोकळ्या करते. काम झटपट होते, परंतु ठोक्याच्या अक्षराला जो खोलावा होता तो तिच्या अक्षराला नाही.

पूर्वी अक्षरांवर पैसे मोजण्याची रीत असे. त्यामुळे आपल्याकडे या कोरीव वाङ्मयात एक सूत्रमय शैली निर्माण झाली. ‘चि. सौ. कां.’ एवढ्यात आशीर्वाद, सौभाग्य आणि वय तिन्ही आटोपले. ‘मामांकडून’ या एका शब्दात आहेर आला, नाते आले, आणि मामींचा उल्लेख टाळून काटकसरही झाली. मराठीचा अध्यापक म्हणून मी अनेक ग्रंथकारांना ही शैली शिकण्याची शिफारस करीन.

हा धंदा मोठा खानदानी आहे. वाकाटकांची राणी प्रभावतीगुप्ता हिचा एक ताम्रपट प्रसिद्ध आहे. गुप्तसम्राट दुसऱ्या चंद्रगुप्ताची ही मुलगी, रुद्रसेनाची राणी. पतीच्या निधनानंतर अल्पवयीन दिवाकरसेनाच्या नावाने तिने विदर्भाचा कारभार पाहिला. राजधानी नंदिवर्धन, म्हणजे रामटेकजवळचे आजचे नगरधन. राजवटीच्या तेराव्या वर्षी, कार्तिक शुद्ध द्वादशीस, तिने चनालस्वामी नावाच्या आचार्याला दंगुण हे गाव दान दिले. प्रबोधिनी एकादशीचा दुसरा दिवस, आपली तुळशीची लग्ने सुरू होण्याचा! ती तिथी चक्रदास नावाच्या कारागिराने तांब्यात कोरली, आणि पंधराशेहून अधिक वर्षांनी आपण ती वाचतो आहोत. चक्रदासाचे नाव तरी पत्र्यावर राहिले; तेवढ्यापुरता तो आपल्या दुकानातल्या कारागिरापेक्षा भाग्यवान म्हणायचा.

त्या ताम्रपटात आणखी एक गोष्ट आहे. लेख वाकाटकांच्या राज्यातला, पण आरंभी वंशावळ दिली आहे ती गुप्तांची. आणि राणीने आपले गोत्र सांगितले तेही माहेरचे, धारण! सासरच्या तांब्यावर माहेर कोरून घेणारी ही बाई विलक्षणच म्हटली पाहिजे. आणि हा पत्रा वाचला कोणामुळे? पुण्यात राहणाऱ्या, मूळच्या अहमदनगरच्या एका तांबट कुटुंबाने तो घरात जपून ठेवला होता म्हणून. तांबे वितळवणे हा ज्यांचा रोजचा उद्योग, त्यांच्याच घरी हे तांबे मुशीबाहेर राहिले.

सगळ्यांच्या नशिबी असा तांबट नसतो. आमच्या झाडीपट्टीत पितळेला तोटा नव्हता. पितळी भांड्यांसाठी भंडाऱ्याचे नाव जुने. आणि 1 मे 1999 रोजी गोंदिया जिल्हा वेगळा होईपर्यंत बिरसी हे गावही त्याच जिल्ह्यात मोडत असे. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात इंग्रजांनी येथे धावपट्टी बांधली. पुढे तिचा विमानतळ झाला, नवशिके वैमानिक येथे उडायला शिकू लागले, आणि त्यापायी गावच्या जमिनीही गेल्या. घर हलले की आधी माळा रिकामा होतो. त्यावरची गुंडे, पराती, गंगाळी ‘आता कोण कल्हई करीत बसतो’ या एका वाक्यासरशी मोडीत निघतात आणि वजनावर स्टील घरात येते.

बिरसीच्या एका परिचित घरी अशीच आवराआवर चालली होती. मोडीच्या ढिगातले एक गुंड घरातल्या नव्या सुनेने सहज पुसले आणि काठाखालचे नाव मोठ्याने वाचले. त्या नावाचे घरात कोणीच नव्हते. चुकून शेजारचे भांडे आले असेल, असे ठरत होते. तेवढ्यात ओसरीवरची आजी म्हणाली, ‘‘माह्यंच नाव हाय ते. बापानं आंदणात देल्लं.’’ लग्नात नाव बदलले, त्याला साठ वर्षे होऊन गेली होती. रेशनकार्डावर, मतदारयादीत, मुलांच्या दाखल्यांवर सासरचेच नाव. तिच्या मुलालादेखील आईचे पहिले नाव तोवर ठाऊक नव्हते! जगात ते एकाच जागी शिल्लक होते, आणि ती जागा काट्यावर चढायच्या बेतात होती. गुंड परत माळ्यावर गेले. मुलगा मात्र पुष्कळ वेळ काही बोलला नाही.

आपल्या किती घरांतून अशी नावे मोडीत गेली असतील! मोड घेणारा पितळेचा भाव देतो, अक्षरांचा देत नाही. त्याला दोष देण्यात अर्थ नाही. काट्यावर भांडे ठेवणारे आपणच. आज लग्नाची हजार-हजार छायाचित्रे खिशातल्या यंत्रात असतात. यंत्र बदलले की त्यांतली किती पुढे येतात, हे ज्याचे त्याने आठवून पाहावे. पितळेला मात्र आठवण ठेवण्यासाठी वीज लागत नाही.

म्हणून यंदा धनत्रयोदशीला भांडे घ्याल तेव्हा दुकानदार घाईत असला तरी नाव घातल्याशिवाय उठू नका. नुसते आडनाव नको. तिथी किंवा तारीख घाला, गाव घाला; आणि मुलीला देणार असाल, तर तुम्ही बारशाला ठेवलेले नाव पूर्ण घाला. चार अक्षरे जास्त पडतील, पडू द्या. आणि दिवाळीच्या साफसफाईत माळ्यावरचे जे जे खाली येईल ते मोडीत घालण्यापूर्वी एकदा चिंचेने घासा. काठाखाली काय निघते ते घरातल्या सर्वांत म्हाताऱ्या माणसाला वाचून दाखवा, आणि मग काय करायचे ते त्याला विचारून ठरवा.