जनसुनावणीची नोटीस लागली तर



तलाठ्याने फेरफाराची नोटीस चावडीवर लावली की शहाणा माणूस पंधरा दिवसांच्या आत लेखी हरकत देतो. ‘पाहू पुढे’ म्हणणारा मग प्रांताच्या कचेरीत वर्षानुवर्षे चकरा मारतो. अणुवीज केंद्राच्या परवानगीतही अशीच एक नोटीस असते. ती जनसुनावणीची.

“अणुभट्टीशी आपल्या वऱ्हाडाचा काय संबंध?” असे जठारपेठेत एका वाचकाने मला विचारले. भट्टी आपल्याकडे नाही, खरे. पण बाळापूर तालुक्यात पारसचे औष्णिक केंद्र आहे, आणि मोठ्या औष्णिक केंद्राची परवानगीही याच वाटेने जाते. म्हणून कोकणात काय घडले ते माहीत असलेले बरे.

तारापूरला 1969 साली अणुवीज सुरू झाली, तेव्हा गावाला विचारण्याची अशी रीतच नव्हती. पर्यावरणावर काय परिणाम होईल याचा अहवाल 1994 साली सक्तीचा झाला, आणि जनसुनावणी 1997 साली आली. राजापूर तालुक्यातल्या जैतापूर प्रकल्पाला ती लागू झाली. सहा भट्ट्या, 9,900 मेगावॅट वीज, आणि जमीन माडबन व शेजारच्या गावांची. अहवाल केला आपल्या नागपूरच्या नीरी संस्थेने. 16 मे 2010 रोजी माडबनला सुनावणी झाली. मराठी अहवाल वेळेवर हाती पडला नाही, ही गावकऱ्यांची तक्रार होती. तरी 28 नोव्हेंबर 2010 रोजी केंद्राने 35 अटी घालून मंजुरी जाहीर केली. विरोध चालूच राहिला. 18 एप्रिल 2011 रोजी पोलिसांच्या गोळीबारात एक आंदोलक मरण पावला. त्या मंजुरीची मुदत 2022 च्या डिसेंबरात संपली, तोवर एकही भट्टी उभी राहिली नव्हती.

आता नियम ऐका. 2006 च्या अधिसूचनेप्रमाणे सुनावणीआधी निदान तीस दिवस वर्तमानपत्रात जाहिरात द्यावी लागते. अहवालाचा मसुदा जिल्हाधिकारी कचेरीत, जिल्हा परिषदेत आणि जिल्हा उद्योग केंद्रात पाहायला मिळतो. मात्र मराठीत फक्त त्याचा सारांश देणे सक्तीचे आहे. शेकडो पानांचा इंग्रजी अहवाल कास्तकाराने कसा वाचायचा, हे कायदा करणाऱ्यांनी सांगितलेले नाही! गावातल्या शिकलेल्या पोराला बसवा, आणि पाणी, जमीन व राख यांची पाने आधी काढायला लावा.

आणखी एक गोष्ट पक्की ध्यानात ठेवा. या सुनावणीला गणसंख्येची अट नाही. दहा माणसे आली तरी ती झाली असेच धरतात. म्हणजे बहिष्कार घालून घरी बसलात, तर कागदावर तुमचा विरोध उमटतच नाही. हजर राहून बोललात, तर ते इतिवृत्तात यायला हवे. ते इतिवृत्त त्याच दिवशी सर्वांना मराठीत समजावून वाचून दाखवायचे असते. आपला मुद्दा गाळला असेल तर तिथेच उठून सांगा.

नुसते ‘आम्हाला प्रकल्प नको’ म्हणू नका, आकडे द्या. उन्हाळ्यात विहिरीला किती हात पाणी राहते, हे घरच्या बाईइतके कोणाला ठाऊक? तिलाच बोलू द्या. पऱ्हाटी किती एकर, गुरे किती, नाला कुठून वाहतो, हे सातबाऱ्यासह लिहून न्या.

पर्यावरणाची मंजुरी म्हणजे भट्टीचा परवाना नव्हे, हेही समजून घ्या. तो वेगळा. 1983 साली स्थापन झालेल्या अणुऊर्जा नियामक मंडळाकडे जागा, बांधकाम, भट्टी सुरू करणे आणि चालवणे, अशा चार पायऱ्यांनी जावे लागते. भूकंप, पूर, किरणोत्सर्ग हे सारे तिथे तपासतात. पण तिथे गावाला माडबनसारखा मांडव नसतो. तुमचे म्हणणे मांडायचे ते सुनावणीतच.

निवेदन नेताना दोन प्रती करा, आणि एकीवर तारखेसह पोच घ्यायला विसरू नका.