खोट्या दाव्याची किंमत

भंडाऱ्याच्या बाजारपेठेतील गाळ्याचा वाद वर्षानुवर्षे रेंगाळतो, तेव्हा मालक असो वा भाडेकरू, खऱ्या बाजूचाच जीव जातो. खोट्या, त्रासदायक दाव्याबद्दल दिवाणी प्रक्रिया संहितेच्या 35 अ कलमाखाली मिळणारी भरपाई जास्तीत जास्त 3 हजार रुपये! व्यावसायिक न्यायालयांपुरती ही मर्यादा 2015 मध्ये उठली. इतरत्र ती कायम आहे. पण वाद लांबवण्याची खरी किंमत न्यायालये मागू शकतात: मुंबईतील जागेचे दरमहा 5,236 रुपये भाडे देणाऱ्या राज्य सरकारला, ताबा देण्याच्या हुकमाला स्थगिती हवी तर दरमहा 5 लाख 40 हजार रुपये भरा, असे उच्च न्यायालयाने बजावले. 2009 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते उचलून धरले. तोच न्याय तालुक्याच्या कोर्टातही हवा. संसदेने 3 हजारांची मर्यादा तातडीने रद्द करावी.