गोष्टी सांगणारे सिंहासन

गोष्टी साठवून ठेवणारी आणि हव्या त्या वेळी सांगणारी एखादी जादूची वस्तू मिळाली तर किती मजा येईल! आपल्या पूर्वजांनाही असेच वाटत असावे. म्हणून त्यांनी अशा वस्तू कल्पनेने निर्माण केल्या.

‘सिंहासन बत्तिशी’ या पुस्तकात विक्रम राजाचे सिंहासन आहे. त्याला बत्तीस पुतळ्या आहेत. भोज राजा त्यावर बसायला गेला, की एक पुतळी बोलू लागते. ती विक्रमाच्या औदार्याची गोष्ट सांगते आणि हा गुण तुझ्यात आहे का, असे भोजाला विचारते. ‘तोता कहानी’तील पोपटही असाच आहे. मालक परगावी गेला असताना तो रोज रात्री मालकिणीला एक गोष्ट सांगतो आणि तिला घरात थांबवून ठेवतो.

या गोष्टींनी किती प्रवास केला पाहा. पोपटाच्या गोष्टी मूळ संस्कृतातल्या. चौदाव्या शतकात जियाउद्दीन नख्शबी यांनी त्या फारसीत ‘तूतीनामा’ या नावाने लिहिल्या. १८०१ साली हैदर बख्श हैदरी यांनी कलकत्त्याच्या फोर्ट विल्यम कॉलेजात त्या उर्दूत आणल्या. मराठीत त्या ‘शुकबहात्तरी’ म्हणून प्रसिद्ध आहेत. ‘सिंहासन बत्तिशी’ १८१४ साली बंगालमधील सेरामपूर येथे मराठीत छापली गेली. प्रत्येक वेळी कोणीतरी ती गोष्ट मन लावून ऐकली किंवा वाचली आणि आपल्या भाषेत पुन्हा सांगितली. म्हणूनच ती आपल्यापर्यंत आली.

पुढे माणसाने कल्पनेतली वस्तू खरोखर तयार केली. १८७७ साली एडिसनने आवाज साठवणारे यंत्र बनवले. त्यानंतर ग्रामोफोन आला, टेपरेकॉर्डर आला. आता तर घरोघरी मोबाइल आहे. दादीची गोष्ट त्यात साठवता येते आणि क्षणात दुबईच्या चाचांना पाठवता येते. मग जादूची वस्तू मिळाली, असे म्हणायला काय हरकत आहे?

माझ्या मते ती अजून अर्धीच मिळाली आहे. पुतळी आणि पोपट नुसते बोलत नव्हते, ते ऐकणाऱ्याला थांबवत होते. मोबाइल कोणालाही थांबवत नाही. गोष्ट साठवली आहे, पुढे कधीतरी ऐकू, असे आपण म्हणतो आणि ती तशीच पडून राहते. न ऐकलेली गोष्ट पेटीत असली काय आणि नसली काय, सारखेच!

यंत्राचा खरा उपयोग कसा करावा, याचे एक चांगले उदाहरण आपल्या महाराष्ट्रात आहे. पूर्वी बायका पहाटे जात्यावर दळताना ओव्या म्हणत. पिठाच्या गिरण्या आल्या, जाती थांबली आणि ओव्याही विसरल्या जाऊ लागल्या. तेव्हा हेमा राईरकर आणि गी पॉइतवँ यांनी सहकाऱ्यांसह गावोगावी जाऊन एक लाखाहून अधिक ओव्या जमवल्या. त्यांनी त्या आधी ऐकल्या, लिहून घेतल्या, पुढे अनेक ओव्या टेपवरही घेतल्या. ओवी गाणाऱ्या बाईचे नाव आणि गाव त्यांनी नोंदवून ठेवले. यंत्र त्यांच्या मदतीला होते. पण विचारपूस माणसांनी केली.

आपल्या सोलापुरात असे काम करण्यासारखे पुष्कळ आहे. १९३० साली येथे लष्करी कायदा पुकारला गेला. १२ जानेवारी १९३१ रोजी मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा आणि अब्दुल रसूल कुर्बान हुसेन यांना येरवड्याच्या तुरुंगात फाशी देण्यात आली. त्यांची नावे आपल्याला पाठ आहेत. पण त्या दिवसांत गल्लीतल्या घरांत लोक काय बोलत होते, चुली पेटल्या की नाही, हे सांगणारी माणसे आता जवळजवळ उरलेली नाहीत. त्यांना वेळेवर कोणी विचारले असते तर!

जे गेले ते गेले. जे आहे ते अजून आपल्या हातात आहे. जुनी गिरणी, नरसिंग गिरजी, लक्ष्मी-विष्णू या कापडगिरण्या बंद पडल्या. पण तेथे राबलेले काही वृद्ध आपल्याच मोहल्ल्यात राहतात. १९७२ च्या दुष्काळात जी व्यक्ती वीस वर्षांची होती, तिने आज सत्तरी ओलांडली आहे. त्यांना विचारा. भोंगा झाला की घरात काय धावपळ होई? दुष्काळात खडी फोडायला कोण गेले? त्या वर्षी ईद कशी झाली? त्यांची परवानगी घेऊन आवाज जरूर साठवा. मात्र ते बोलत असताना तुमचे लक्ष मोबाइलकडे नको, त्यांच्या चेहऱ्याकडे असू द्या.

आणखी एक काम करा. घरात दखनीत ऐकलेली गोष्ट सोप्या मराठीत लिहून काढा. आपल्या शहरात मराठी, कन्नड, तेलुगू आणि उर्दू बोलणारी माणसे शेजारी शेजारी राहतात. दादीची गोष्ट मराठीत आली, की ती शेजारच्या मित्रालाही कळेल. मग तोही आपल्या आजीची गोष्ट तुम्हाला सांगेल. मराठी शिकण्याचा याहून चांगला उपयोग मला तरी दिसत नाही.

तेव्हा या सुट्टीत निदान एका वडीलधाऱ्या माणसाजवळ तासभर बसा आणि त्यांची एक गोष्ट वहीत उतरवून आणा.