बोर्ड गेलो!

मंडळी, आजची पोस्ट जरा चिडून लिहिलेली आहे, सांभाळून घ्या.

'बोर्ड गेलो.' आमच्या फोंडाघाटात विजेवर चालणाऱ्या वस्तूच्या मृत्यूचा हा छापील दाखला झाला आहे. वॉशिंग मशीन असो, इन्व्हर्टर असो, नाहीतर गॅरेजचं मोटरवालं शटर. हल्ली चाकरमान्यांच्या नव्या बंगल्यांना अशी शटरं बसतात. वर्षातले दहा महिने घर बंद, घाटाखालचा धो धो पाऊस आणि ओल ती मोटर सोसते, आणि चतुर्थीला गाडी दारात उभी राहिली की शटर रुसतं. मेकॅनिक येतो, दोन मिनिटं बघतो आणि दाखला देतो.

माझं म्हणणं एवढंच की 'बोर्ड गेलो' हे निदान नव्हे. सगळं तपासून झाल्यावर जे उरतं, त्याचं ते नाव आहे. आणि तपासायला लागतं तरी काय?

आधी मेन स्विच बंद करून हाताच्या साखळीनं शटर वर-खाली करून बघायचं. जड गेलं तर दोष मोटरचा नाही, गंजलेल्या गाईडचा आहे. भिंतीवरच्या बटणानं चालतं पण रिमोटनं नाही, तर रिमोटचा सेल बदला. मोटर नुसतीच गुणगुणते पण फिरत नाही, तर आधी व्होल्टेज मोजा. अशा मोटरचा जोर व्होल्टेजच्या वर्गाच्या प्रमाणात घटतो, म्हणजे २३० च्या जागी १८० आले तर जोर जेमतेम ६१ टक्के उरतो. व्होल्टेज ठीक असेल तर कपॅसिटर बघा. तो बोर्डाच्या मानानं फार स्वस्त असतो. चार-पाच वेळा वर-खाली केल्यावर बंद पडलं, तर मोटर तापून तिचा कटऑफ पडला असेल, गार होऊ द्या. शटर उघडतं पण बंद होत नाही, तर खालच्या फोटो सेन्सरच्या दोन डोळ्यांमध्ये काय आलंय ते बघा.

आमच्याकडे गेल्या चतुर्थीआधी हेच शेवटचं झालं. सेन्सरवर कोळ्यानं जाळं विणलं होतं. फडक्यानं पुसलं, शटर बंद झालं. त्याआधी मेकॅनिक नव्या बोर्डाचा साडेआठ हजारांचा आकडा सांगून गेला होता. वर, 'तोपर्यंत सेन्सर डायरेक करून देतंय' अशी सोयही त्यानं देऊ केली होती!

खरी चीड मला त्या 'डायरेक'ची आहे. पैशाचं नुकसान भरून निघतं. सेन्सरची वायर जोडून टाकली की शटर आंधळं होतं. खाली पोर आहे की कुत्रं, त्याला कळत नाही. न्यू जर्सीतला माझा आतेभाऊ सांगतो, तिकडे गॅरेजच्या दाराला हे डोळे असतातच. हौस म्हणून नव्हे. आपोआप बंद होणाऱ्या दारांखाली मुलं सापडून मेली, म्हणून १ जानेवारी १९९३ पासून बनणाऱ्या घरगुती ओपनरना अडकण्यापासून संरक्षण देणं तिथे कायद्यानं सक्तीचं झालं. इतक्या जिवांची किंमत देऊन आलेली वस्तू आपण दोन वायरी पिळून निकामी करतो, आणि त्याला दुरुस्ती म्हणतो.

बोर्ड कधीच जात नाही असं नाही. आमच्याकडे वळवाच्या विजा आहेत, बोर्डात घर करणाऱ्या मुंग्या आहेत, मध्येच शिरून मरणारी पालसुद्धा आहे. पण मग जळालेला भाग दाखव ना बाबा!

आता मेकॅनिकची बाजू. कणकवलीपासून घाटापर्यंत दहा घरं त्याला करायची असतात. तासभर डोकं लावून त्यानं नुसतं जाळं पुसलं, तर आपण त्याला काय देतो? चहा. बोर्ड बदलला तर मुकाट्यानं हजार मोजतो. वस्तू दिली तर पैसे, अक्कल दिली तर चहा! मग तो अक्कल कशाला वापरेल? केंद्र सरकारनं जुलै २०२२ मध्ये दुरुस्तीच्या हक्कासाठी समिती नेमली, त्याच वर्षी डिसेंबरात पोर्टलही काढलं. चांगलंच झालं. पण तपासणीची मजुरी द्यायला आपण तयार नसू, तर हक्क घेऊन करायचं काय?

म्हणून मुंबई-पुण्यातल्या नातेवाईकांना सांगणं आहे. शटर बसवताना हाताची साखळी आहे ना, ते बघा. मे २०२१ च्या तौक्ते वादळात इथे वीज गेली होती ती आठवा. वायरिंगचा नकाशा मागून घ्या. आणि मेकॅनिक आला की 'किती झाले?' हा पहिला प्रश्न नको. 'काय काय तपासलंस?' असं विचारा, आणि त्यानं नीट सांगितलं तर त्या सांगण्याचे पैसे द्या.